पुलावरचं खोटं आणि मिटलेला डोळा

ही गोष्ट तुम्हाला खरी वाटायची नाही. आमच्या या सिबिऊ गावात माझ्याइतकं सफाईदार खोटं बोलणारा दुसरा माणूस नाही, हे इथल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे. तरी बाहेर धुकं उतरलं की तुम्ही सगळे खुर्च्या ओढत माझ्याच शेगडीपाशी येता. या, बसा. बाटलीत आलुबुखाऱ्याची दारू आहे, हातानं घ्या. कोपऱ्यात आमची म्हातारी मोजा विणत बसली आहे, तिच्याकडे लक्ष देऊ नका. तिनं ही गोष्ट इतक्यांदा ऐकली आहे की आता तिला नुसते टाके ऐकू येतात.

तर, इलिंका.

विशी नुकतीच ओलांडलेली. गळ्याला हिरवा लोकरी मफलर, थंडीनं लाल झालेलं नाक, आणि जिभेला हाड नाही. ती पाहुण्यांना गाव दाखवायची. मोठ्या चौकातून निघायचं, घड्याळाच्या मनोऱ्याखालून छोट्या चौकात, तिथून लोखंडी पुलावरून पलीकडे चर्चपाशी, आणि पायऱ्या उतरून खालच्या गावात. घरी चुलीवर ठेवलेलं घेवड्याचं सूप शिजेपर्यंत फेरी संपलेली असायची.

ऑफिसनं पाठ करायला दिलेली माहिती म्हणजे नुसत्या सनावळ्या आणि राजे. लोक जांभया द्यायचे. मग इलिंका पदरचं घालायची. आणि पदर तिचा फार लांब होता.

आता आपल्या छपरांचे डोळे तुम्ही रोजच बघता. कौलांमधल्या त्या लांबट, झोपाळू फटी. सगळे डोळे अर्धवट उघडे, गावावर नजर ठेवून असलेले. त्या काळी छोट्या चौकातल्या एका घराचा एकच डोळा मिटलेला होता. कबुतरं शिरतात म्हणून मालकिणीनं आतून फळ्या ठोकल्या होत्या, बस. पण एका बाईनं विचारलं, "हाच का मिटलाय?" आणि इलिंकाच्या तोंडून कबुतरं काही बाहेर येईनात.

"इथे टोपीवाल्याकडे एक पोरगा काम शिकायला होता," ती म्हणाली. "त्याचं एका मुलीवर प्रेम. ती त्याला पुलावर म्हणाली, 'येते हं मी परत,' आणि गेली. आता आमचा पूल खोटं ऐकून घेत नाही, लगेच कुरकुरतो. पण तेव्हा तो गप्प राहिला. म्हणजे शब्द खरा. म्हणजे ती येणारच... म्हणून तो माळ्यावर बसला, वाट बघत. अजून बसलाय. रडताना कुणी बघू नये म्हणून तेवढा डोळा मिटून घेतलाय."

बाईनं डोळे पुसले. इलिंकाला बरं वाटलं. दुसऱ्या दिवशी तिनं तीच गोष्ट परत सांगितली, आणि मग रोजच.

फक्त पुलाच्या अलीकडे. हा आमच्या गाईड लोकांचा जुना नेम. काय थापा मारायच्या त्या चौकात मारा, पुलावर पाय ठेवला की तोंड बंद. पाहुण्यांना वाटतं, फोटो काढायला वेळ देतायत.

तर त्या दिवशी असंच धुकं होतं. चार वाजताच दिवे लागले होते, आणि दिव्यांनाही काही दिसत नव्हतं. इलिंका पाहुण्यांकडे तोंड करून, उलटी चालत, बोलत होती. गाईडची ती खोडच. आणि उलटी चालता चालता ती कुणाच्या तरी छातीवर आदळली.

ओल्या लोकरीचा वास आला. टोपीसाठी लोकर वाफवतात तेव्हा येतो तसा.

"मागे बघून चालावं," तो म्हणाला. त्यानं तिचं कोपर धरलं होतं. जाड कोटातूनही बोटं गार लागली.

"मागे बघून चालले तर यांना गोष्ट कोण सांगणार?"

"गोष्ट छान आहे. पण एक चुकतंय तुमचं."

"माझं?" इलिंकानं त्याच्याकडे नीट बघितलं. उंच, कॉलर वर केलेली, डोळे राखाडी... आणि त्यांत कसली तरी फार जुनी झोप. "काय चुकतंय, साहेब?"

"कधी कधी तुम्ही सांगता, तो माळ्यावर उभा असतो. उभं राहायला उंचीच नाही तिथे. बसावं लागतं. कौलांना टेकून."

"तुम्ही बसून आलात वाटतं?"

तो हसला. उत्तर देणार तेवढ्यात कुणीतरी तिला हाक मारली, आणि ती वळून परत बघते तर धुकं तेवढं होतं.

इलिंकाला रात्रभर झोप नाही. राग त्याच्या आगाऊपणाचा, असं ती स्वतःला सांगत राहिली. सकाळी तिनं मालकिणीला लाडीगोडी लावून माळा उघडायला लावला. खरंच, कंबरेएवढी उंची. सगळीकडे बोटभर धूळ. आणि मिटलेल्या डोळ्याखाली, कौलांना टेकून एक माणूस बसेल एवढीच जागा... लख्ख पुसल्यासारखी.

शहाणी मुलगी असती तर त्या दिवसापासून खालच्या गावात भाजी विकायला बसली असती. इलिंकानं मफलर धुतला आणि केस विंचरले.

तो यायचा. धुकं असलं की यायचा, छोट्या चौकात कुठून तरी घोळक्याच्या मागे उभा राहायचा, आणि पुलापर्यंत चालायचा. पुलावर मात्र पाऊल टाकायचा नाही. तिथून मागे फिरायचा.

"भित्रे आहात," ती म्हणाली.

"तुम्ही तरी पुलावर कुठे काय बोलता? तोंडाला कुलूप असतं."

"तुम्ही माझ्या तोंडाकडे बघत असता?"

"दुसरं काय बघायचं? मनोरा मी बघितलाय."

तिनं हातातली गरम कोव्रिगी, पावाचं ते खरपूस कडं, मोडून अर्धी त्याला दिली. मिठाचे आणि तिळाचे दाणे बोटांना चिकटले. त्यानं ती हातात धरून ठेवली, खाल्ली नाही. तेव्हा इलिंकाच्या लक्षात आलं — सगळ्यांच्या तोंडातून वाफ निघत होती, चौकातल्या टांग्याच्या घोड्याच्यासुद्धा. त्याच्या तोंडातून नाही.

"नाव काय तुमचं?" तिचा आवाज तिलाच लांबून आल्यासारखा वाटला.

"तुम्ही ठेवलंच कुठे?" तो म्हणाला. साधेपणानं म्हणाला, खोड काढताना म्हणतात तसं नाही.

त्याच आठवड्यात एका जर्मन पाहुण्यानं तिथल्या तिथे फोटो बाहेर टाकणारा कॅमेरा आणला होता. सगळ्यांचा एक काढला. कागद हळूहळू रंगत गेला. आधी मनोरा आला, मग टोप्या, मग इलिंकाचा हिरवा मफलर. ती कुणाकडे तरी मान वर करून हसत होती. जिच्याकडे हसत होती ती जागा मोकळी होती.

आता ती घाबरली. धावत गित्सा काकांकडे गेली. चाळीस वर्षं गाईडगिरी केलेला माणूस. त्यांनी फोटो उलटा सुलटा बघितला आणि मिशीवरून हात फिरवला.

"पोरी, हा तुझ्या गोष्टीतला."

"मग मी काय करू?"

"लग्न करू नकोस. गोष्टीतला जावई कोळसा कसा आणणार?"

"काका..."

"बरं, ऐक. तो तुला एक दिवस विचारणार. 'मी खरा, की तू रचलेला?' सगळेच विचारतात, जिवंत माणसंसुद्धा. चौकात विचारलं तर काहीही सांग. पण पुलावर विचारलं... खरं सांगितलंस तर तो जाईल. खोटं सांगितलंस तर पूल जाईल, तुम्हा दोघांना घेऊन."

"आणि पुलावर गेलोच नाही तर?"

"तर मग धुक्यात भेटा जन्मभर, आणि उन्हाळ्यात एकमेकांना विसरा." काकांनी फोटो परत दिला. "हसतेस बाकी छान."

पुढच्या धुक्याला तो आला तेव्हा इलिंकानं पाहुण्यांना चर्चपाशी सोडलं होतं. ती एकटीच परत फिरून पुलाच्या मधोमध येऊन थांबली. तो अलीकडच्या टोकाला उभा.

"खालच्या गावात आज सूप आहे," ती म्हणाली. "घेवड्याचं. वरून तिखट कांदा. माणसं खातात."

"मला यायचंय, इलिंका." तिचं नाव त्यानं पहिल्यांदा घेतलं. "तिथं बसायचंय तुझ्यासमोर. जीभ भाजून घ्यायची आहे. पण मध्ये हा पूल आहे. मी कोण ते कळल्याशिवाय मला यावर चालता येत नाही."

"न विचारता चाल ना. डोळे मिट आणि चाल."

"डोळे मिटून फार वर्षं बसलोय मी."

वर, तो मिटलेला एक सोडून, छपरांवरचे सगळे डोळे उघडे होते. इलिंकाला ते कधी भीतीदायक वाटले नव्हते. आज वाटलं, गाव श्वास धरून आहे. कुठे कुत्रं भुंकत नव्हतं. मनोऱ्यावरच्या घड्याळाचा आवाजही येईना.

त्यानं पाऊल टाकलं. मग दुसरं. लोखंडावर त्याच्या बुटांचा आवाज झाला नाही. पुलाच्या मधोमध तो तिच्यासमोर थांबला. इतका जवळ की ओल्या लोकरीचा वास तिच्या मफलरमध्ये शिरला.

"सांग," तो म्हणाला. "मी खरा, की तू रचलास मला?"

इलिंकाच्या पायांखाली पोकळ होतं, आणि त्या पोकळीत खालचा रस्ता धुक्यानं भरलेला. रचला म्हणावं तर तो जाणार. खरा म्हणावं तर सगळंच जाणार. तिनं त्याचे दोन्ही हात धरले. बर्फ. ते तिनं आपल्या कोटाच्या खिशात ओढून घेतले, कोव्रिगीचा उरलेला तुकडा होता तिथे.

"आधी तुझं नाव," ती म्हणाली. "बिननावाच्या माणसाला मी काही सांगत नाही. सेवेर. चालेल?"

"सेवेर..." त्यानं ते चाखून बघितल्यासारखं म्हटलं. "चालेल."

आणि मग, मंडळी, त्या पोरीनं मान वर केली आणि धडधडीत खोटं बोलली. "मी नाही रचलं तुला, सेवेर. तू खराच आहेस."

पूल ओरडला! असा ओरडला की मनोऱ्यावरची कबुतरं खालच्या गावात जाऊन पडली. कठड्यावरच्या कुंड्या उड्या मारायला लागल्या. एक खिळा सुटून थेट महापौरांच्या सूपमध्ये पडला. चर्चपाशी पाहुण्यांची पळापळ. पण ती हलली नाही. "तू खरा आहेस," ती परत म्हणाली. पूल डावीकडे कलला. "खरा आहेस," ती म्हणाली, "खरा, खरा, खरा..." आणि दर वेळी पूल कुरकुरे, पण जरा हळू. जरा आणखी हळू. शेवटी तो लोखंडी म्हातारा दमला बिचारा. इतक्या प्रेमानं कुणी त्याच्याशी खोटं बोललंच नव्हतं. तो गप्प झाला. आणि त्या धुक्यात, पहिल्यांदाच, सेवेरच्या तोंडातून एक एवढीशी पांढरी वाफ...

"खोटं," कोपऱ्यातून म्हातारी म्हणाली. सुया थांबल्या होत्या.

सगळ्यांच्या माना तिकडे वळल्या.

"खोटं, सेवेर. पूल जागचा हललासुद्धा नाही. मी खरं तेच सांगितलं होतं. म्हटलं, हो, मीच रचलं तुला, एका बाईला रडवायला म्हणून. आणि डोळे घट्ट मिटून उभी राहिले." तिनं मोजा मांडीवर ठेवला. "उघडले, तर तू तिथेच. माझ्या खिशातली कोव्रिगी खात."