पडद्यावर मावेल एवढंच

माझ्या लेकीची, ठमीची पेन्सिल टेबलावरून घरंगळली आणि फरशीवर टक्कन पडली… तिघंही दचकलो.

"मशीन तर चालतंय, मॅडम," दुरुस्तीवाला म्हणाला. "कालच्यापेक्षा वेगानं चालतंय! नक्की बंद काय आहे?"

आता सांगावंच लागणार होतं.

कॉम्प्युटरच्या दुकानातला नेहमीचा माणूस रजेवर, म्हणून काल हा आला. कॉम्प्युटर फार रेंगाळतो, एवढीच माझी तक्रार होती. तो यायच्या आधी मी अक्षरं मोठी करणारा प्रोग्रॅम बंद करून ठेवला. कुणीही येणार असलं की मी तेच करते. पडद्यावर तळहाताएवढी अक्षरं दिसली की माणसांचा आवाज बदलतो. हळू, मोठ्यानं बोलायला लागतात, जणू मला ऐकूही कमीच येतं. याचा आवाज मात्र छान मोकळा होता. कॉम्प्युटरला धुळीनं शिंका येतात, असं त्यानं ठमीला पटवलं, आणि ठमीचे बाबा वारल्यापासून पहिल्यांदा या घरात पुरुषाच्या हसण्याला जोडून आम्ही दोघी हसलो होतो. तो आवाज बदलायला नको होता मला, म्हणून आज फोन करून बोलावतानाही 'बंद पडलंय' एवढंच म्हणाले…

पण शाळेच्या पुस्तकाची छपाईआधीची शेवटची तपासणी आज पाचच्या आत पाठवायची होती. संपादकबाईंनी सकाळीच बजावलं होतं, "जमत नसेल तर आत्ता सांग. दुसऱ्या कुणाला देते. मग पुढची पुस्तकंही तिकडेच." मी जमेल म्हटलं होतं. आमचं घर चालतं ते याच कामावर.

"मला… कमी दिसतं," मी म्हणाले. "अक्षरं मोठी करणारा प्रोग्रॅम उघडतो आणि लगेच मिटतो. त्याच्याशिवाय हा पडदा म्हणजे माझ्यासाठी नुसता उजेड."

खुर्ची करकरली. मी त्याचा आवाज बदलायची वाट बघत राहिले.

"अरे देवा," तो म्हणाला. "मग मीच मारला की त्याला!"

"म्हणजे?"

"काल जागा मोकळी करताना स्क्रीन मोठी करणाऱ्या लायब्ररी फायली दिसल्या. तो प्रोग्रॅम त्यांच्याच जिवावर चालतो. म्हटलं, इथं कोण वापरतंय? दिल्या उडवून. तुम्ही काल एक शब्द बोलला असतात तर…!"

"आणि तुम्ही एक शब्द विचारला असतात तर?"

आम्ही दोघंही चढ्या आवाजात बोलत होतो. आणि त्या रागातच माझ्या लक्षात आलं, हा माझ्याशी चक्क भांडतोय! चारचौघींशी भांडावं तसा.

त्यानं स्वतःच्या लॅपटॉपमधून फायली आणल्या, जागच्या जागी बसवल्या. पडदा उजळला, थरथरला… आणि काळा झाला.

"मेला?" ठमीनं विचारलं.

"श्श, ठमे!"

"आवृत्ती जुळली नाही. दुसऱ्या बघतो." त्यानं घसा खाकरला. "तोवर मी वाचून दाखवू? तुम्ही चुका सांगा."

"वेलांटी पहिली की दुसरी, ते ऐकू येत नाही. माझं काम मलाच करायचंय."

"मग मलाही माझं करू द्या. असं खुर्चीमागे उभं राहू नका. भलतीच बटणं दाबली जातात."

"माझ्यामुळे?"

"घड्याळामुळे," तो म्हणाला. मग हळूच, "…असं समजा."

मी मागे सरकले. थोडीशीच.

पुन्हा पडदा काळा, पुन्हा उजेड. यावेळी तो टिकला. "बघा, काहीतरी मोठं करून बघा," म्हणत त्यानं कॉम्प्युटरचा कॅमेरा चालू केला. खुर्चीत तोच होता. मी वाकून माउस हातात घेतला. पडदाभर एक भुवई आली. मग डोळा, तपकिरी, माझ्याकडे न बघायचा प्रयत्न करणारा. मग हनुवटी.

"कापलंय इथं."

"घाईत दाढी केली. तुमचा फोन आला होता ना… मी सबंध कधी दिसणार?"

"मला एका वेळी पडद्यावर मावेल एवढंच दिसतं. सबंध माणूस बघायला वेळ लागतो."

"मला घाई नाही."

"छपाईवाल्यांना आहे!" मी त्याला खुर्चीतून उठवलं. कान तापले होते माझे.

एकेक ओळ डोळ्यांसमोरून सरकवत मी तपासत राहिले. तो गेला नाही. पुन्हा बंद पडला तर, म्हणून ठमीशेजारी फरशीवर बसला. एकदा पडदा थरथरला, तसा तो उठून खुर्चीमागे आला… पण पडदा सावरला. पाचच्या आत फाइल गेली. "पोचलं. पुढचं पुस्तक उद्या पाठवते," संपादकबाईंचा निरोप आला. तो मी मोठ्या अक्षरांत दोनदा वाचला.

त्यानं बॅग खांद्याला लावली. दाराशी एक बूट चढवला, दुसरा हातातच राहिला.

"नीट बसवलंय. आता काही बिघडणार नाही."

"बरं झालं," मी म्हणाले. दुसरंच काहीतरी म्हणायचं होतं.

"भुवई बघून झाली, डोळा झाला, हनुवटी झाली…" त्याचा आवाज आता बदलला होता, पण मला भीती वाटायची तसा नव्हे. "हसू राहिलं."

मी दाराची कडी उगाच वरखाली करत राहिले. तो हातातला बूट घालेना.

मध्येच ठमीनं माझा पदर ओढला.

"आई, आता आपला कॉम्प्युटर परत कधी बिघडणार गं?"