चाळीस पावलं

को सायखाव बेटावर पाऊल ठेवायचं तर आधी चपला काढाव्या लागत.

बोटीतून उतरणाऱ्या प्रत्येकाने चपला हातात घ्यायच्या आणि धक्क्यापासून कमानीपर्यंतच्या ओल्या वाळूवरून चाळीस पावलं अनवाणी चालायची, असा दंडक होता. दोन्ही बाजूंना झेंडूच्या माळा, कमानीशी शंख फुंकणारा एक भारदस्त म्हातारा आणि ‘बेटाचा प्राचीन आशीर्वाद’ असा सोळा भाषांमधला फलक. हा प्राचीन आशीर्वाद नऊ वर्षांपूर्वी कंपनीच्या जाहिरात खात्याने एका दुपारी चहा पिता पिता तयार केला होता. शंखवाला त्याआधी पर्यटकांच्या बॅगा उचलायचा.

डॉ. हेमांगी तोडणकर प्रयोगशाळेच्या ओसरीत गुडघ्यापर्यंतचे रबरी बूट घालून उभी राही आणि रोज हा तमाशा बघे. पहिल्यांदा येणारे हसतखिदळत, फोटो काढत चालत. दुसऱ्या-तिसऱ्यांदा येणारे मात्र रडत. काल म्यूनिकचा एक निवृत्त दंतवैद्य गुडघ्यांवर बसून वाळूचे मुके घेत होता. ती वाळू म्हणजे पोपटमाशाची विष्ठा. पोपटमासा प्रवाळ कुरतडतो, पचवतो आणि मागून पांढरी वाळू सोडतो. उष्ण समुद्रातले कितीतरी सुंदर किनारे असे त्याच्या पोटातून बाहेर आले आहेत. हेमांगी हे कुणाला सांगत नसे. मनातल्या मनात मात्र प्रत्येकाला सांगे, आणि तिला बरं वाटे.

या सगळ्याचं मूळ कोकणात होतं. वेळणे हे तिचं गाव. तिचे वडील नाना किनाऱ्यावरच्या कासवांची अंडी राखायचे. पिल्लं बाहेर आली की त्यांना टोपलीतून आणून पाण्यापासून वीसेक हात अलीकडे वाळूत सोडायचं आणि मग हात मागे बांधून उभं राहायचं. पिल्लू उलटलं, खड्ड्यात पडलं, तरी उचलायचं नाही. एकदा एका दयाळू पाहुणीने धडपडणारं पिल्लू ओंजळीत घेऊन थेट लाटेत सोडलं. तेव्हा नाना इतके भडकले की ती बाई रडकुंडीला आली. “पोहोचवलंत खरं,” ते म्हणाले, “पण आता त्याला गाव राहिलं नाही.”

पृथ्वीचं चुंबकत्व सगळीकडे सारखं नसतं. प्रत्येक किनाऱ्यावर त्याचा जोर वेगळा, कल वेगळा. घराला पत्ता असावा तसा. वाळूवरून सरपटताना पिल्लू तो पत्ता मेंदूत टिपून घेतं, आणि पंधरा-वीस वर्षांनी, हजारो मैल भटकून झाल्यावर, मादी अंडी घालायला बरोबर त्याच टापूत येते. पत्ता टिपणारं द्रव्य हेमांगीने शोधून काढलं आणि त्याला ‘ठसाद्रव’ असं नाव दिलं. माणसाच्या मेंदूत कासवासारखा ठसा आपोआप उमटत नाही. पण ठसाद्रव तळपायातून शरीरात गेलं की तसा ठसा उमटवता येतो. त्यासाठी ओल्या वाळूवरची चाळीस पावलं पुरतात.

कंपनीने बेट भाडेपट्ट्याने घेतलं तेव्हा त्याची पार रया गेलेली होती. आधी तिथे समुद्रावर राहणाऱ्या कोळ्यांच्या होड्या लागत. मग नारळाच्या बागा आल्या, माकडांना शिकवून त्यांच्याकडून नारळ पाडून घेत. मग पाठीवर पिशवी मारून फिरणारे गोरे आले, त्यांच्यासाठी बांबूच्या झोपड्या. झोपड्यांचे बंगले, बंगल्यांचे मजले. प्रवाळ राखाडी पडलं. पिण्याचं पाणी जहाजाने येऊ लागलं आणि कचऱ्याची टेकडी देवळाच्या कळसाहून उंच झाली. पर्यटक एकदाच यायचा, घाण करायचा आणि यादीत खूण करून पुढच्या बेटाकडे वळायचा.

हेमांगीने कंपनीला सांगितलं होतं, “त्यांना हे आपलं जन्मगाव वाटू द्या. जन्मगावात कुणी घाण करत नाही.”

हे वाक्य कोकणात वाढलेल्या बाईने म्हणावं! आपल्याच ओढ्यात प्लास्टिक फेकणारं गाव जिने लहानपणापासून पाहिलं, तिने! पण विद्वत्ता वाढली की साध्या गोष्टी दिसेनाशा होतात. माणूस परक्याच्या घरी निदान ताट उचलून ठेवतो. आपल्या घरात तंगड्या पसरतो.

तसंच झालं. ठसा लागलेले लोक दरवर्षी येऊ लागले, मग वर्षातून तीनदा, मग येऊन राहूच लागले. कचरा टाकायचे तो टाकतच होते, वर आता हक्काने टाकत होते. त्यांनी ‘सायखाव मूळ रहिवासी मंडळ’ काढलं. अध्यक्ष म्हणून घाटकोपरचे प्रभाकर चौबळ एकमताने निवडून आले, कारण मंडळ कसं चालवायचं हे मराठी माणसाइतकं कुणालाच ठाऊक नव्हतं. आयत्या बिळावर नागोबा, आणि नागोबाच्या हाती घटनेची प्रत.

पाणी फक्त सहा हजार माणसांना पुरेल एवढंच होतं आणि माणसं झाली होती अकरा हजार. कुणाला तरी जावं लागणार होतं. मंडळाने मागणी केली, कंपनीने ती मान्य केली: ज्याच्यावर बेटाच्या आशीर्वादाचा ठसा आहे तो राहील, नाही तो जाईल. ठशाची चाचणी डॉ. तोडणकर घेतील.

*

पा मालाय खाडीच्या तोंडाशी पेज विकायची. तिकडे ‘पा’ म्हणजे मावशी आणि डॉक्टरला ‘मॉ’ म्हणतात. नऊ वर्षं हेमांगीची न्याहारी तिच्याकडेच होती: तांदळाची पेज आणि वर खारवलेला मासा. वेळण्यालाही हीच न्याहारी, म्हणून हेमांगी त्या बाकावर बसली की तिच्या ओठांची घडी जरा सैल व्हायची. बेटावर जिचा तिरस्कार वाटत नाही अशी ही एकच बाई होती.

“उद्या माझी पाळी आहे म्हणे,” पा मालाय पेज ओतत म्हणाली. “काय करणार आहेस तू माझं, मॉ?”

“काही दुखणार नाही. बोटीच्या एका बंद खोलीत बसवायचं. डोळ्यांवर पट्टी, कानांत बोळे, नाकाला चिमटा. बोट समुद्रात गोल फिरवायची, खुर्चीही गरगर फिरवायची. मग मी खांद्यावर थाप मारीन, तेव्हा हाताने दाखवायचं, बेट कुठे आहे.”

“आणि ते गोरे, ते तुझे गाववाले, ते दाखवतात?”

“अचूक. त्यांच्या आत होकायंत्र बसल्यासारखं असतं.”

पा मालाय हसली. पुढचे दोन दात नव्हते, तरी हसू धारदार होतं. “पहाटे तुझी माणसं पंप घेऊन वाळूवर शिंपतात, ते होकायंत्र होय? मला वाटलं, झुरळांचं औषध.”

हेमांगीचा चमचा थांबला. ठसाद्रवाचं गुपित कंपनीबाहेर कुणाला ठाऊक नव्हतं. पर्यटकांना वाटे, बेटाच्या आशीर्वादानेच जीव ओढला जातो.

“पा, ऐका माझं,” ती खाली वाकून म्हणाली. “आज दुपारच्या बोटीने तुम्ही पलीकडे जा आणि पर्यटकांबरोबर त्या पट्ट्यावरून चालत या. मी आत घेईन तुम्हाला. चाळीसच पावलं आहेत. उद्या हात बरोबर वळेल.”

बेटाच्या लोकांना त्या पट्ट्यावरून यायला मनाई होती. त्यांनी मागच्या खाडीतून यायचं, म्हणजे पाहुण्यांच्या फोटोत घामट माणसं येत नाहीत.

पा मालायने पळी खाली ठेवली. “माझी आई होडीत बाळंत झाली. मला कडेवर घेऊन या वाळूवर उतरली. माझी तीन लेकरं इथे पुरली आहेत, नवराही. आणि मी आता तिकीट काढून, गळ्यात झेंडू घालून माझ्या घरात शिरू? थुंकते मी तुझ्या चाळीस पावलांवर.”

आणि ती खरोखरच थुंकली, पण बाजूला. पेजेला धक्का लागू दिला नाही.

*

चाचणी सकाळी नऊला सुरू झाली. साक्षीदार म्हणून प्रभाकर चौबळ आले होते. अंगात फुलाफुलांचा सदरा, हातात चिवड्याचा डबा. नमुना म्हणून आधी ते स्वतः बसले. बोट फिरली, खुर्ची फिरली. हेमांगीने थाप मारताच त्यांचा हात सरळ वर उठला आणि अंश न् अंश अचूक बेटाकडे रोखला गेला. पट्टी काढली तेव्हा त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं.

“काय सांगू मॅडम,” ते म्हणाले, “घाटकोपरला माझं अख्खं आयुष्य गेलं, पण तिथे कधी असं भरून आलं नाही. आणि इथे हे बाहेरचे लोक आमच्या पाण्यावर डल्ला मारतात.”

मग पा मालाय बसली. खुर्ची फिरवली. थाप मारली. तिने हात मांडीवरून हलवला नाही.

“पा, दाखवा ना,” हेमांगीने तिच्या कानातला बोळा काढून विनवलं.

“काय दाखवू? वारा लागत नाही, लाट कळत नाही, वास येत नाही. असं डब्यात कोंबून घर शोधायला लावतील, असं कुणी मला लहानपणी सांगितलं नव्हतं. तुम्ही मला इथे आणलंत, तुम्हीच न्या.”

“ठसा नाही,” चौबळ समाधानाने म्हणाले आणि डबा उघडला. “लिहा मॅडम.”

त्या क्षणी हेमांगीच्या तोंडून नऊ वर्षांचं सत्य बाहेर पडलं. आशीर्वाद खोटा आहे. वाळूवर औषध शिंपतात. तुमचं प्रेम, तुमचं रडणं, तुमचं मूळ गाव, सगळं तळपायातून आत गेलेलं एक द्रव्य आहे. ते मी कासवाच्या पिल्लांपासून बनवलं. “तुम्ही इथले नाही, चौबळ! तुम्हाला इथला डोस लागलाय, एवढंच!”

आता हा माणूस कोसळेल, असं तिला वाटलं. मान्य करायला हवं, तिला ते बघायचंही होतं.

चौबळांनी चिवडा चावला, गिळला. “बरं मग?” ते शांतपणे म्हणाले. “कुणाची ओढ कशातून येते, कुणाची कशातून. आई बाळाला छातीशी धरते तेव्हाही आत काहीतरी द्रव्यच सुटतं म्हणतात. म्हणून काय ती आई खोटी? मला ओढ वाटते. या बाईला वाटत नाही. तुमची चाचणी सांगतेय. चाचणी खोटी आहे का?”

चाचणी खोटी नव्हती. पा मालायला ठसा नव्हता, हे शास्त्रीयदृष्ट्या निखालस खरं होतं. जी कधी घर सोडून गेली नाही तिच्या अंगात परतीचा पत्ता कशाला असेल? पण कागदावर या प्रश्नासाठी जागा नव्हती. तिथे दोनच चौकोन होते, ‘आहे’ आणि ‘नाही’.

हेमांगीने उभ्या आयुष्यात खोटा निकाल लिहिला नव्हता. तिने ‘नाही’वर खूण केली आणि सही ठोकली. आपण प्रामाणिक आहोत, असं ती स्वतःला सांगत राहिली. भेकड माणसाला सचोटीसारखा दुसरा आडोसा नाही.

पा मालाय आठवड्याने गेली. पेजेचं पातेलं होडीत ठेवून, बेटाकडे पाठ करून बसली. हेमांगी खाडीवर गेली होती. तिला वाटलं, म्हातारी शिव्या देईल. म्हातारीने तिच्याकडे फक्त पाहिलं, अंगणात शिरलेल्या कुत्र्याकडे बघतात तसं, आणि होडीवाल्याला म्हणाली, “चल रे.”

*

त्यानंतर हेमांगीने नोकरी सोडली. बेटाचा, वाळूच्या मुक्यांचा, रबरी बुटांचा तिला उबग आला होता. तिला वेळण्याला जायचं होतं. नाना कधीच वारले होते, पण चुलत्यांनी राखलेलं घर होतं, किनारा होता, पेज होती. ती ओढ कुणी शिंपलेली नव्हती, याचा तिला सगळ्या प्रवासभर अभिमान वाटत राहिला.

किनाऱ्याच्या वाटेवर एक कमान उभी होती. पलीकडे ओल्या वाळूचा पट्टा, दोन्ही बाजूंना झेंडूच्या माळा. फलकावर लिहिलं होतं: ‘कासवभूमीचा प्राचीन आशीर्वाद’. ठसाद्रव इतर किनाऱ्यांना देण्याचा हक्क कंपनीकडे होता. त्या करारावर सही करताना हेमांगीने किनाऱ्यांची यादी वाचलीच नव्हती.

कमानीशी उन्हाची टोपी घातलेली एक बाई खुर्ची टाकून बसली होती. बोलणं पेठेतलं, स्वच्छ.

“कुठून आलात?”

“मी इथलीच. वेळण्याची. तोडणकरांची मुलगी.”

बाईने यादीवरून बोट फिरवलं. “तोडणकर... हो, होते म्हणे कुणीतरी. गेले ते. चाचणीत बसले नाहीत.” मग समजुतीने हसली. “आमच्या गावात येणारा प्रत्येक जण हेच म्हणतो हो, मी इथलाच. तुमचा ठसा झालाय का?”

हेमांगीची नजर कमानीपलीकडे गेली. माडांमागे नानांच्या घराचं कौलारू छप्पर दिसत होतं. अंगणात कुणाचे तरी टॉवेल वाळत होते.

“नाही ना? मग चपला काढा,” बाई म्हणाली. “घाबरू नका. चाळीसच पावलं आहेत.”