खाली कोण?

आकडा तिने मागवला होता, बाबांना बोलावलं नव्हतं.

झालं असं, की जुन्या गोदीतल्या ज्या गोदामाचे आता फ्लॅट होत होते, त्याच्या दर्शनी दालनात भिंतीवर टांगायला तिच्या ऑफिसातल्या साहेबांना काहीतरी जुनं हवं होतं. "अस्सल हवं हं," साहेब म्हणाले होते, "बाजारातलं पॉलिश मारलेलं नको." तिला चटकन आठवला तो घरी माळ्यावर पडलेला बाबांचा आकडा. पोती ओढायचा, लाकडी मुठीचा, टोक झिजून चकचकीत झालेला. संध्याकाळी येऊन घेऊन जाते, असं तिने फोनवर सांगितलं. पण बाबांना धीर कुठला! जेवण झाल्या झाल्या आकडा वर्तमानपत्रात गुंडाळला, इस्त्रीचा शर्ट चढवला आणि भर उन्हात म्हातारा स्वतःच गोदामाच्या दारात हजर.

स्वागतकक्षातल्या मुलीचा फोन आला. "मॅडम, एक आजोबा आलेत. तुम्हालाच भेटायचं म्हणतायत. आणि… फार मोठ्याने बोलतायत."

तिने फोन खाली ठेवला.

बाबा मोठ्यानेच बोलायचे. सगळा जन्म याच गोदामाच्या वरच्या मजल्यावर उभं राहून तळघरातल्या माणसांना हाका मारण्यात गेला, त्यांना हळू बोलणं ठाऊकच नव्हतं. हमालांच्या टोळीतले लोक त्यांना भोंगा म्हणायचे. शाळेत पालकांना बोलावलं की ही मनातल्या मनात घोकायची, आज आई येऊ दे, आज आई येऊ दे.

मुलगी वाईट होती असं नाही, बरं का. आईचं दुखणंखुपणं बघायची, बाबांचा चष्मा, औषधं, सगळं वेळच्या वेळी. पण मुलाखतीच्या दिवशी साहेबांनी सहज विचारलं, "वडील काय करायचे?" आणि हिच्या तोंडून निघून गेलं, "इथेच, बंदरात अधिकारी होते." झालं! खोटं एकदा बोललं की ते पोसावं लागतं. गोदीची गोष्ट सांगायला गोदीतल्या अधिकाऱ्याचीच मुलगी मिळाली, म्हणून साहेब खूश. येईल त्या गिऱ्हाइकाला ते कौतुकाने तेच सांगायचे. आता तर सगळ्या प्रकल्पाची विक्री तिच्या हाती द्यायचं घाटत होतं. आज दुपारी येणारं गिऱ्हाईक बडं होतं. ते जमलं की तिचं पक्कं होतं.

आणि नेमक्या त्याच दुपारी हे.

ती धावतच खाली आली. बाबा दालनाच्या मधोमध मान वर करून उभे होते.

"अगं, रंग काय झकास दिलाय!" त्यांचा आवाज चारही भिंतींवर आपटून परत आला. "इथे कबुतरं होती नुसती!"

"बाबा, जरा हळू बोला ना."

"हळूच बोलतोय की."

स्वागतकक्षातली मुलगी हसू दाबत होती. बाहेर फाटकातून गिऱ्हाइकाची पांढरी गाडी आत वळत होती. पुढच्या दाराने बाबांना न्यायची सोय राहिली नाही. तिने त्यांचं कोपर धरलं आणि जिन्याने सरळ तळघरात उतरवलं.

तळघराचं काम अजून व्हायचं होतं. पुढे तिथे रहिवाशांचा क्लब होणार होता, पण त्या दिवशी नुसत्या उघड्या दगडी भिंती, दोनचार पिवळे दिवे आणि ओल. ओल्या तागाचा, डांबराचा, खाऱ्या पाण्याचा वास. इतकी वर्षं बंद असूनही तो वास गेला नव्हता. छतात मधोमध एक मोठं चौकोनी तोंड होतं. पूर्वी जहाजावरचा माल त्यातून साखळीने खाली सोडत. साखळी, कप्पी कधीच भंगारात गेली होती. त्या तोंडावर आता जाड काच बसवली होती, म्हणजे वर दालनात उभं राहिलं की पायाखाली तळघर दिसावं. गिऱ्हाइकांना ते फार आवडायचं.

बाबा त्या काचेखाली गेले आणि पटकन दोन पावलं मागे सरले. जुनी सवय.

"इथे उभं राहायचं नाही," ते म्हणाले. "जो इथे उभा, त्याने उत्तर द्यायचं."

"कसलं उत्तर?" तिचे कान वर लागले होते. गाडीची दारं वाजली होती.

"अगं, वरून खालचं काही दिसायचं नाही. काळोख नुसता. म्हणून माल सोडायच्या आधी मी वरून विचारायचो, खाली कोण? सगळे एकदम ओरडले तर काय कळणार? म्हणून तोंडाखाली जो असेल त्याने एकट्याने सांगायचं, कोण कोण आहे ते. ज्याचं नाव आलं, तो बाजूला झाल्याशिवाय साखळी सोडायची नाही. ज्याचं नाव आलं नाही…"

"त्याचं काय?"

"तो खाली नाहीच, असं धरायचं."

बाबा भिंतीजवळच्या लाकडी खोक्यावर टेकले. वर्तमानपत्राचं पुडकं त्यांनी मांडीवर ठेवलं.

"पैलवान होता ना आपला, तो काडीसारखा? तो द्यायचा उत्तर. एकदा एक नाव राहिलं त्याच्याकडून. नवा माणूस होता. खालच्या जातीचा म्हणून पैलवान त्याच्याशी बोलायचा नाही. नाव घ्यायचीही लाज वाटली त्याला."

"मग?"

"मग काय… नाव राहिलं, आणि मी साखळी सोडली."

एवढंच म्हणून ते मांडीवरचं पुडकं चाचपू लागले. भोंगा गप्प बसला, की घरात सगळ्यांना धास्ती वाटायची. पण तिला आता थांबायला वेळ नव्हता.

"बाबा, तुम्ही इथेच बसा. माणसं आलीत कामाची. ती गेली की मी तुम्हाला रिक्षा करून देते. वर येऊ नका… आणि ओरडू नका."

"नाही येत. जा तू." ते हसले. "तुझं काम कर."

जिना चढताना तिला स्वतःचाच राग आला. पण दारातून साहेब आत येत होते, आणि तिने चेहऱ्यावर हसू ओढून घेतलं.

पाहुणे नवराबायको होते. घर बघितलं, खिडकीतून पाणी बघितलं, भिंतींची जाडी बघितली. सगळं पसंत पडत होतं. मग बाईंनी दालनातल्या काचेतून खाली वाकून पाहिलं आणि म्हणाल्या, "खाली जाऊन बघता येईल का?"

"अहो, काम चालू आहे, धूळ आहे फार," ती घाईने म्हणाली.

"धुळीला काय भ्यायचं!" म्हणत साहेब जिन्याकडे निघालेसुद्धा.

बाबा खोक्यावरून उठून उभे राहिले. माणसं आली की ते नेहमीच उठायचे.

"हे कोण?" साहेबांनी विचारलं.

तोंड उघडून एक शब्द सांगायचा होता. तो तिच्या जिभेवर आलाही होता. पाहुण्या बाईंची नजर बाबांच्या भेगाळलेल्या हातांवर होती. तिने तो शब्द गिळला.

"भंगारवाले आहेत," ती म्हणाली. "आकडा घेऊन आलेत. विकायला."

बाबांनी ते ऐकलं. आवाज मोठा असला तरी कान चांगले होते त्यांचे. त्यांनी एकदा तिच्याकडे पाहिलं, आणि त्या नजरेत राग नव्हता. राग असता तर बरं झालं असतं. ते पुढे आले आणि दोन्ही हातांनी पुडकं तिच्यापुढे धरलं.

"घ्या मॅडम," ते म्हणाले. हळू म्हणाले. "वस्तू चांगली आहे."

धरणीने पोटात घ्यावं असं तिला वाटलं. तिने पुडकं घेतलं. घेताना ती एक पाऊल मागे सरली आणि नेमकी त्या काचेखाली आली.

तेवढ्यात दिवे मंदावले. विझले नाहीत, नुसते तांबूस झाले. तागाचा वास एकाएकी इतका दाट झाला की पाहुण्यांनी नाकाला रुमाल लावला. वर कुठेतरी साखळी करकरली… जी साखळी तिने स्वतः ट्रकमध्ये चढवून पाठवली होती. आणि मग मधे काच नसावीच असा, स्वच्छ, खणखणीत आवाज खाली आला.

"खाली कोण?"

तो आवाज तिने ओळखला. बाबांचाच होता. लहानपणी त्या आवाजाने ती गल्लीच्या टोकावरून घरी यायची. पण बाबा तर तिच्यासमोर उभे होते, ओठ मिटून.

"वा!" साहेब टाळी वाजवत म्हणाले. "हे कधी बसवून घेतलंस? कमाल आहे हं तुझी!"

"अगदी खरं वाटतं," पाहुण्या बाई म्हणाल्या. "उत्तर द्यायचं असतं का?"

तिने बाबांकडे पाहिलं. त्यांचा चेहरा पांढरा पडला होता. त्यांनी स्वतःच्या छातीवर हात ठेवला आणि ओठ हलवले. आवाज जवळजवळ नव्हताच.

"सांग… सगळ्यांची सांग."

"दे की उत्तर," साहेब हसत म्हणाले.

"मी आहे," ती वर बघून म्हणाली. "आमचे साहेब… आणि दोन पाहुणे."

काचेपलीकडे काहीतरी मोठं, काळं, संथपणे झुलत होतं.

"आणखी कोण?"

दुसऱ्यांदा विचारलं हो! नुसतं 'आजोबा' म्हटलं असतं तरी चाललं असतं. 'भंगारवाले' म्हटलं असतं तरी चाललं असतं. पण साहेब बघत होते, पाहुणे बघत होते, आणि तिच्या मनात एकच होतं, हे आता संपू दे.

"आणखी कोणी नाही," ती म्हणाली.

"बरं," वरचा आवाज म्हणाला.

साखळी सुटल्याचा खडखडाट झाला. तिने डोळे घट्ट मिटले. अंगावरून गार वाऱ्याचा झोत गेला. काहीच आदळलं नाही. डोळे उघडले तेव्हा दिवे पुन्हा लख्ख पिवळे होते, आणि खोक्यापाशी कोणी नव्हतं.

"म्हातारा गेला वाटतं," साहेब म्हणाले.

जिना तिच्या डोळ्यांसमोर होता. त्यावरून कोणी गेलं नव्हतं.

पाहुण्यांनी घर घेतलं.

रात्री आईने विचारलं, "तुझ्याकडेच आले होते ना गं?" ती म्हणाली, "आले होते. आकडा देऊन लगेच गेले." पोलिसांनाही तिने हेच सांगितलं. फाटकावरच्या कॅमेऱ्यात बाबा आत येताना दिसत होते, पुडकं छातीशी धरलेलं. बाहेर पडताना ते कुठेच नव्हते. तळघर तिने स्वतः बॅटरी घेऊन धुंडाळलं, दगड न् दगड चाचपला. आईने रोज संध्याकाळी दाराशी खुर्ची टाकून बसायला सुरुवात केली. लेकीला घास गिळवेना. आईसमोर बसून जेवताना आपण चोर आहोत असं तिला वाटायचं, आणि होतीच ती चोर.

मग उद्घाटनाचा दिवस आला. दालन माणसांनी फुलून गेलं होतं. भिंतीवर आकडा टांगला होता, त्यावर छोटा दिवा सोडला होता. साहेबांनी माईक हातात घेऊन तिला पुढे बोलावलं. "या प्रकल्पाची विक्री आजपासून यांच्याकडे," ते म्हणाले. "गोदी यांच्या रक्तात आहे. यांचे वडील इथल्या बंदरात मोठे अधिकारी…"

"नव्हते," ती म्हणाली.

साहेब थांबले.

"माझे बाबा इथे साखळीवर होते. याच जागी उभे राहून हाका मारायचे. हा आकडा त्यांचा आहे." ती रडत होती आणि तिला त्याची फिकीर नव्हती. "त्या दिवशी तळघरात होते ते भंगारवाले नव्हते. माझे बाबा होते. मी त्यांना खाली ठेवलं. मला लाज वाटली."

ती काचेवर गुडघे टेकून बसली, दोन्ही तळवे काचेवर ठेवले आणि जिवाच्या आकांताने ओरडली. तिचा आवाज इतका मोठा असेल हे तिलाही ठाऊक नव्हतं. भोंग्याचीच लेक ती.

"खाली कोण?"

काच गार होती. खाली दिवे होते, रिकामं खोकं होतं.

"बाबा, मी विचारतेय! खाली कोण आहे? नाव सांगा!"

ओल्या तागाचा वास आला. आणि मग उत्तर आलं. दालनातल्या सगळ्यांनी ते ऐकलं, पार दारापाशी उभ्या असलेल्यांनीसुद्धा. बाबांचाच आवाज. पण चारचौघांत आपल्यामुळे कोणाला खाली बघावं लागू नये, असा जपून काढलेला. हळू. तिने सांगितलं होतं तसा.

"कोणी नाही, मॅडम."