शेवयांवर उतरलेला अग्निबाण

चिटगुप्प्यात आमच्या माळवदावर मी बाजेवर शेवया वाळत घालत होते. तेवढ्यात काहीतरी सूंऽऽ करत आलं आणि नेमकं बाजेवरच आदळलं! निजामावरच्या पोलीस ॲक्शनची धास्ती अजून गेली नव्हती. गल्लीत धडाधड दारं लागली. धूर विरल्यावर बघते तर पत्र्याची एक पुंगळी, आणि शेवयांचा पार चुरा.

जिन्यात एक तरुण उभा... घामाघूम, भुवया अर्ध्या जळालेल्या.

“आमचा अग्निबाण... इथं आलाय का?”

“कुठं निघाल्ता वो तुमचा बाण?”

“चंद्रावर,” तो गंभीरपणे म्हणाला.

मला हसू आवरेना. “मग वाट चुकला की!”

“न्हाई...” माझ्याकडे बघत तो अडखळला, “मला वाटायलंय, बरोब्बर आलाय.”

तो जगदेवप्पा. हैदराबादेत शिकून इथल्या शाळेत विज्ञान शिकवायला आलेला. शेवयांच्या भरपाईला रवा घेऊन आला, मग रिकामा डबा न्यायला आला, मग नुसताच यायला लागला. माणूस चंद्रावर कसा जाईल ते आईला आणि मला सांगायचा. मी त्याच्या नव्यानं उगवणाऱ्या भुवया बघत बसायची. प्रेमात पडले, दुसरं काय!

पण माझ्या वडिलांनी, अप्पांनी, गुलबर्ग्याच्या डाळवाल्यांचं स्थळ जवळजवळ पक्कं केलं होतं. ते कळताच जगदेवप्पा मला मागणी घालायला आला. अप्पा नुकतेच पूजेवरून उठले होते. आम्ही लिंगायत; गळ्यातलं इष्टलिंग तळहातावर घेऊन त्यावर पाणी घातल्याशिवाय ते स्वतः घोटभर पाणी पीत नसत.

“चंद्रावर जाणार म्हणं तू,” अप्पांनी विचारलं. “वाटंत लिंगपूजा कशी करशील रे?”

जगदेवप्पाला खोटं बोलता येत नाही, हीच तर पंचाईत.

“वाटंत वजनच ऱ्हात न्हाई, अप्पा. पाणी... खाली पडायचंच न्हाई.”

अप्पांच्या कपाळावर आठ्या! संपलं — निघाले मी गुलबर्ग्याला. मुलीनं मध्ये बोलायचं नसतं हे विसरून मी दारामागून बोलून गेले,

“मग बरंच की, अप्पा! तळहातावरनं सांडायचं न्हाई.”

आईनं डोक्याला हात लावला. मग अप्पांचं पोट हललं, खांदे हलले, आणि ते खदखदून हसायला लागले.

“निलम्मा, हिकडं ये. जाशील का याच्यासंगं?”

मी जगदेवप्पाकडे बघितलं. बिचारा श्वास रोखून बसला होता...

“जाईन,” मी म्हणाले.

चंद्रावर की त्याच्या घरी, ते अप्पांनी विचारलंच नाही.