सहाव्या वल्ह्याचा आवाज

विश्वास ठेवा म्हणून मी कुणाच्या पाया पडणार नाही. हे माझ्या आईबापांच्या बाबतीत घडलं. आईने मरायच्या चार दिवस आधी, पूर्ण शुद्धीत असताना, मला सांगितलं. शेवटचं मी स्वतः पाहिलं.

साल १८०९. स्कॉटलंडच्या उत्तरेकडच्या शेटलंड बेटांवरचं आमचं ग्रुटव्हो गाव. जूनची रात्र.

रात्र म्हणायची इतकंच. त्या दिवसांत आमच्याकडे अंधार पडत नाही.

पण आधी एप्रिलबद्दल सांगायला हवं.

फ्रेंचांशी लढाई चालू होती. राजाच्या आरमाराला माणसं पुरत नव्हती. मग जहाज किनाऱ्याला लागायचं, टोळी उतरायची आणि धडधाकट कोळी दिसला की उचलून न्यायची. घरी निरोप द्यायलाही सवड नाही.

आमच्या गावातून अकरा जण गेले. एक परत आला. तोही एका पायाचा.

त्या एप्रिलमध्ये जहाज दिसलं तसे गावातले पुरुष कड्याखालच्या गुहेत लपले. माझे बाबा, रॅस्मी, त्यांच्यातच. आई रोज कड्यावरून दोराने सातूच्या भाकऱ्या खाली सोडायची. तिला सहावा महिना होता.

सातव्या दिवशी तिने दोर वर ओढला, मागे वळली...

आणि समोर टोळीचा अधिकारी उभा. एकटाच.

"दोर कशाला?"

"मेंढी पडलीय खाली."

"मेंढी भाकरी खाते वाटतं." त्याने तिच्या टोपलीकडे पाहिलं. "हे बघ बाई, मला एकच माणूस कमी आहे. तो मिळाला की आम्ही निघालो. नाही मिळाला, तर तुझी मेंढी बघायला माझी माणसं खाली उतरतील."

तेव्हाच पोटात मी लाथ मारली, असं आईने मला सांगितलं.

मग ती बोलली. "सिनी विधवेचा मुलगा. लॉरी. शनिवारी संध्याकाळी आईचं पाणी भरायला लपून विहिरीवर येतो."

अधिकारी निघाला तेव्हा तिने मागून हाक मारली.

"माझं नाव तेवढं सांगू नका."

शनिवारी लॉरीला नेलं. बावीस वर्षांचा होता. विहिरीपाशी दोन्ही बादल्या भरलेल्या, सरळ उभ्या सापडल्या. त्याने धडपडही केली नसावी. दुसऱ्या दिवशी जहाज गेलं आणि बाकीचे पुरुष घरी आले.

सिनीमावशी आमच्या दारात येऊन बसली.

"कुणी सांगितलं असेल गं, ओस्ला?"

"मला काय ठाऊक, मावशी."

"शनिवारचं फक्त गावाला ठाऊक होतं."

आई रडायला लागली. तर मावशीच तिच्या पाठीवरून हात फिरवत म्हणाली, "तू नको रडू. पोटातल्या पोराला बाधेल."

आता जून.

गिडियनकाकांच्या होडीला सहा वल्ही. बाबा आणि लॉरी एकाच फळीवर बसायचे, खांद्याला खांदा लावून. लॉरी गेल्यापासून पाचच वल्ही चालत. एका बाजूला तीन, दुसऱ्या बाजूला दोन. होडी सारखी एका अंगाला वळायची आणि सुकाणूवर काकांचा हात भरून यायचा.

त्या दिवशी परतताना धुकं उतरलं. शेजारचा माणूस दिसेना. कुणी बोलेना. नुसता वल्ह्यांचा आवाज.

बऱ्याच वेळाने काकांच्या लक्षात आलं...

होडी सरळ चालली होती.

त्यांनी सुकाणूवरचा हात काढला. तरी सरळ.

"कोण रे एवढा जोर लावतंय?"

"कुणी नाही, काका. नेहमीसारखंच."

काकांनी कान दिला. वल्ही पाण्यात पडत होती. एक... दोन... तीन... चार... पाच...

आणि एक.

"थांबा. वल्ही वर घ्या."

सगळ्यांनी वर घेतली. पाणी निथळलं. शांत झालं.

एक वल्हं चालूच होतं.

सावकाश. लाकडावर लाकूड घासत होतं. बाबांच्या शेजारून.

"रॅस्मी, तुझ्या बाजूला कोण आहे?"

काका वाकून जवळ गेले. बाबा रिकाम्या जागेकडे मान कलती करून बसले होते. कुणी कानात काही सांगत असावं तसे.

किनारा लागेपर्यंत ते वल्हं थांबलं नाही. हे गिडियनकाकांनीच आईला सांगितलं. लॉरीचं खरं वल्हं त्या वेळी सिनीमावशीच्या घरात भिंतीला टेकून होतं.

बाबा घरी आले. आईने ताट वाढलं. त्यांनी ते हाताने दूर सारलं.

"काय झालं? बरं नाही का?"

बाबा तिच्याकडे बघत राहिले. मग हळूच म्हणाले, "'माझं नाव तेवढं सांगू नका.'"

आईच्या हातातला चमचा पडला.

कड्यावर त्या दिवशी दोघंच होती. ती आणि तो अधिकारी. अधिकारी दोन महिन्यांपूर्वीच गेला होता, शेकडो मैल लांब.

"कुणी सांगितलं तुला?"

"मी गेलो असतो, ओस्ला. तू मला विचारायचंस तरी."

"आणि मी? हे पोर?"

"त्यालाही आई होती."

त्यानंतर बाबा एकोणीस वर्षं जगले. झोपायचे गोठ्यात. स्वतःचं स्वतः शिजवायचे. आईशी एक शब्द बोलले नाहीत. पण गावात वाच्यताही केली नाही. तीच शिक्षा जास्त मोठी होती, असं आई म्हणाली.

जुलैमध्ये मी जन्मले. गावात सुईण एकच. सिनीमावशी. तिनेच माझी नाळ कापली. तिनेच माझं नाव ग्रिझेल ठेवलं, तिच्या आईचं. आई नाही म्हणू शकली नाही.

पुढच्या वर्षी तो एका पायाचा खलाशी परतला. लॉरी जहाजावर तापाने गेला, म्हणाला. जूनमध्ये. तारीख त्याला आठवत नव्हती. प्रेताला दगड बांधून समुद्रात सोडलं.

मावशीने ऐकून घेतलं आणि त्या माणसाला जेवायला वाढलं.

ती मेली तेव्हा मी सतरा वर्षांची होते. दुसरं कुणी नव्हतं तिला, म्हणून शेवटच्या दिवशी मीच उशाशी बसले होते. दुपारची वेळ होती. दार उघडंच होतं आणि बाहेर लख्ख ऊन.

अचानक तिची नजर माझ्या खांद्यामागे गेली.

आणि तिथेच थांबली.

तिने माझं मनगट घट्ट धरलं. मरणाऱ्या बाईला एवढी ताकद असते, हे मला माहीत नव्हतं.

"नको रे," ती म्हणाली. माझ्याशी नाही. "सोड तिला. तिला काय ठाऊक."

मी वळून पाहिलं.

कुणी नव्हतं.

मावशी त्याच संध्याकाळी गेली. तिच्या बोलण्याचा अर्थ मला पुढची तेवीस वर्षं लागला नाही. मग आई अंथरुणाला खिळली आणि तिने हे सगळं मला सांगून टाकलं. तिचं मन हलकं झालं. चार दिवसांत ती सुखाने गेली.

मी मात्र तेव्हापासून भिंतीला पाठ लावून बसते.

कारण मावशीने ज्याला अडवलं, त्याला तिने एकच सांगितलं होतं... की मला काही ठाऊक नाही.

आता आहे.