आवाज टिपायचा नव्हता

पहिल्यांदा पाह्यलं तवा कुलदीप लुगड्यात होता! मोताळ्याच्या बाजारात, भज्याच्या गाडीजवळ, गुळगुळीत दाढी-मिशी करून... अन् पदर चटनीत बुडेल.

"पदर सावर व बाई!" मी म्हनलं. संग गोजर आत्या होती. तिले ऐकू येत नाई, ओठ पाहूनच समजते. तीही खुदकन हसली.

तो लाजला. "एवढं हसू येते तं तुम्हीच करा हे काम. एक पोरगी तयार नाई, म्हनून मले नेसवलं."

मांगून त्याची मैत्रीन आसमा आली. ती मोबाईलवर मूकपट करून राह्यली होती. गोष्ट तिनंच रचेल — शंभर वर्षांपूर्वीच्या अख्तरीची. बायांची कामं मानसंच करत, तवा पिंपळगाव राजाची ही पोरगी कॅमेऱ्यापुढं उभी राह्यली. घोडे पळवले, विहिरीत उड्या मारल्या, नाव कमावलं. मंग बोलपट आला... अन् तिची वऱ्हाडी ऐकून सारे हसले. काम बंद!

पुन्याच्या नाटकाच्या शाळेत मले जागा भेटेल होती, अन् माह्याही बोलीले हसतीन, याच भेवानं माह्या मनाचं जाऊ का नको चाललं होतं.

"मीच होईन अख्तरी," मी म्हनलं.

कुलदीप झाला तिच्यावर जीव टाकनारा कॅमेरावाला. आवाज टिपायचा नव्हता, म्हनून ऐन प्रेमाच्या सीनमधी डोळ्यात डोळे घालून तो इचारे, "सोयाबीनले भाव काय हाय व आज?" मेला! हसू दाबता दाबता माहे डोळे भरत, अन् आसमा खुश — "वा सुचिता, काय रडतं!"

शेवटचा सीन अख्तरी गाव सोडते तो. शेजारच्या वावरात मळनीयंत्र धडधडत होतं. कुलदीपनं माहा हात धरला... ओठ हालले... पन डोळे हसत नव्हते. मले काहीच ऐकू आलं नाई.

"काय म्हनलं?" मी मंग इचारलं.

"भाव," तो म्हने. मान खाली.

खोटं! भाव इचारतानी कोनाचे कान लाल होतात का? का उन्हानं झाले असतीन? पुन्याचं मी त्याले सांगेल होतं. 'जाऊ नको' म्हनला असंन तं? तं मी राह्यलीच असती... अन् त्याचाच राग येत होता. त्याचा का माहा, तेही समजेना. पुन्याले कळवाची मुदत तं जवळ येऊन राह्यली होती.

मंग शाळेच्या भिंतीवर मूकपट लागला. सारं गाव जमलं. प्रेमाचा सीन आला अन् माह्या बाजूले बसेल आत्या फिस्सकन हसली.

"हा अख्तरीले सोयाबीनचा भाव काऊन इचारते व?"

गाव खो-खो हसलं. मी मातर आत्याच्या तोंडाकडं पाह्यलं. आता शेवटचा सीन...

भिंतीवर त्याचे ओठ हालले. आत्या हसली नाई. तिचं बोलनं नेहमीचंच, ठनठनीत:

"'जाय तू पुन्याले. हसले तं हसू दे, अशीच बोलजो. मले लय आवडतं तू... पन माह्यासाठी थांबू नको.' असं म्हनते व पोरगा!"

कुलदीप समोर भिंतीजवळ उभा, अन् आज तोंड लपवाले पदर नव्हता त्याच्याजवळ.

मी उभी झाली. मले रडू येत होतं अन् हसूही. आवाज न काढता, नुसत्या ओठानं इचारलं, "मी जातो... तू येशीन भेटाले?"

त्याचे ओठ हालले.

"हाव म्हनते!" आत्या वरडली. "दर ऐतवारी!"