उजवीकडचं लिंबू

पान वाढताना मीठ मधोमध, त्याच्या डावीकडे लिंबू, चटणी, कोशिंबीर, आणि उजवीकडे भाजी-आमटी. मराठी घरात हे मुद्दाम कुणी शिकवत नाही, ते आपोआप अंगवळणी पडतं. माझ्या बायकोच्या, कुंदाच्या, कधी पडलं नाही. ती डावखुरी होती. तिच्या हातून पान आरशात बघितल्यासारखं वाढलं जायचं. लिंबू-चटणी उजवीकडे, भाजी डावीकडे. लग्नानंतर पहिल्याच आठवड्यात माझी आई कपाळाला हात लावून म्हणाली होती, "अगं, असं उलटं पान पितरांना वाढतात. जित्याजागत्या नवऱ्याला नाही!" तेव्हापासून पाहुण्यांची पानं कुंदा जपून सुलटी वाढायची. माझं मात्र शेवटपर्यंत उलटंच राहिलं. नवऱ्याच्या बाबतीत एवढी सवलत चालते, असं तिचं म्हणणं.

दुबईत रास अल खोरच्या एका टेस्टिंग लॅबमध्ये काँक्रीटचे ठोकळे यंत्राखाली दाबून फोडण्यात माझी सगळी नोकरी गेली. ठोकळा किती दाबाला फुटला ते बघायचं आणि सही करायची. यंत्र जे दाखवत नाही ते मी मानत नाही, असं मी चारचौघांत सांगायचो, आणि कुंदा मागून म्हणायची, "घ्या, उल्हासरावांची गाडी काँक्रीटवर आली!"

गेल्या वर्षी ती गेली. जेबेल अलीच्या स्मशानात सगळं झालं. यंदा मी रिटायर झालो, व्हिसा संपत आला. चिंचवडला फ्लॅट घेऊन ठेवला होता, तिथे जायचं ठरलं. आमची मुलगी श्रिया इथेच जन्मली आणि इथेच नोकरी करते. ती दुबईत मैत्रिणींबरोबर राहत होती. सगळं रीतसर होतं, एक अडचण सोडली तर, आणि ती मी कुणाला सांगितली नव्हती. शारजाला अल मजाजच्या फ्लॅटमध्ये कुंदाने सगळा संसार केला. चिंचवडचं घर तिने पाहिलंही नव्हतं. मी तिकडे गेलो तर तिला मी सापडणार कसा? काँक्रीट फोडणाऱ्या माणसाला असला प्रश्न शोभत नाही, हे मला कळत होतं. पण तो पडला होता आणि काही केल्या उठत नव्हता.

"बाबा, जायच्या आधी एक संडे माझा," श्रिया म्हणाली. "स्पॅनिश फूड वॉक आहे, अल क्वोजमध्ये. स्मॉल ग्रुप. चालत चालत खायचं. आई अँड आय, वुई वेअर सपोज्ड टू गो."

ते मला माहीत होतं. दोघी व्हिडिओ बघून बटाट्याचं जाड स्पॅनिश ऑम्लेट करायच्या. कुंदा त्याला 'बटाट्याचा ठोकळा' म्हणायची आणि माझ्यापुढे ठेवून सांगायची, "घ्या, करा टेस्ट."

जानेवारीतली दुपार होती, ऊन कोवळं. अल क्वोजला गोदामांच्या रांगेत आता बऱ्याच ठिकाणी खाण्याच्या जागा झाल्या आहेत. बाहेरून पत्र्याचं शटर, शेजारी संगमरवर कापायचं वर्कशॉप, आणि आत टाइल्स लावलेली टेबलं. गाइड होती जैनब. आई मोरोक्कोची, वडील स्पेनमधल्या मलागाचे, स्वतः वाढली दुबईत. त्यामुळे ती पाच मिनिटांत इंग्लिश, हिंदी आणि अरबी असा सगळा प्रवास करून यायची. आमच्याबरोबर फिझा आणि साजिदा या दोघी बहिणी होत्या, हैदराबादच्या, शाळेत शिकवणाऱ्या. बाकी कुणी नाही.

"सगळं मधे येईल," जैनबने सांगितलं. "प्रत्येकाने आपल्या हाताने आपली प्लेट भरायची. स्पेनमध्ये असंच. यल्ला, चला!"

"म्हणजे आपला हात जगन्नाथ," मी श्रियाला म्हणालो. ती हसली. बऱ्याच दिवसांनी हसली म्हणून मला बरं वाटलं.

पहिल्या ठिकाणी भाजलेला पाव आला, अर्धे कापलेले लालबुंद टोमॅटो, लसूण, जाडं मीठ, ऑलिव्ह, लिंबाच्या फोडी. पावावर लसूण घासायचा, मग टोमॅटो घासायचा, वर तेल सोडायचं. टोमॅटो अल ऐनच्या शेतातले, असं जैनब अभिमानाने सांगत होती. साजिदाने मला काँक्रीटबद्दल काहीतरी विचारलं, आणि काँक्रीटबद्दल विचारलं की मी लवकर थांबत नाही. बोलणं संपवून खाली पाहिलं तर माझी प्लेट भरलेली होती. मीठ वर, मधोमध. लिंबाची फोड मिठाच्या उजवीकडे. तिच्याखाली ऑलिव्ह. पाव डावीकडे.

मी जरा वेळ बघत राहिलो. लिंबाची फोड कुठेतरी पडणारच, डावीकडे नाहीतर उजवीकडे. मी खाल्लं. पाव कुरकुरीत होता, टोमॅटो गोड होता.

दुसरीकडे जाताना रस्त्यावर डिझेलचा आणि ताज्या कापलेल्या लाकडाचा वास होता. एका कॅम्पच्या गच्चीवर कामगारांचे धुतलेले कपडे वाळत होते. श्रिया माझ्या डाव्या बाजूने चालत होती, अगदी लगटून. लहानपणी ती आईला अशी चिकटून चालायची.

"यू ओके, बाबा?"

"मला काय धाड भरलीये?"

दुसऱ्या ठिकाणी ठोकळा आला. तेच जाड बटाट्याचं ऑम्लेट, आतून किंचित ओलं. बरोबर लसणाची पांढरी चटणी, लाल मिरच्या भाजून सोललेल्या, काकडी-कांद्याची कोशिंबीर म्हणता येईल असं काहीतरी. फिझा फोटो काढत होती. जैनब अंडं आणि बटाट्याच्या प्रमाणावर बोलत होती, आणि प्रमाण म्हटलं की माझं लक्ष तिकडेच जातं. पुन्हा खाली पाहिलं. चिमूटभर मीठ वर. उजवीकडे लिंबू, लिंबाखाली पांढरी चटणी, चटणीखाली कोशिंबीर. डावीकडे मिरच्यांची भाजी. मध्ये ठोकळा, आणि तो कोपऱ्यातून जरासा मोडलेला, आतून शिजलाय की नाही ते बघितल्यासारखा.

आता हे आपोआप पडलेलं नव्हतं. इतरांच्या प्लेटा पाहिल्या. फिझाची म्हणजे नुसता काला होता. साजिदाच्या प्लेटमध्ये ऑम्लेटवर कोशिंबीर चढली होती. वेटर दूर दारापाशी उभा होता.

मग उलगडलं. श्रिया! काखेत कळसा नि गावाला वळसा. शेजारी बसून पोरगी गुपचूप आईसारखं पान वाढत होती, बापाला जाताना बरं वाटावं म्हणून. तिच्याकडे बघितलं तर ती काही खात नव्हती, माझ्या प्लेटकडे बघत होती, आणि डोळे भरलेले. बोललो असतो तर मीही रडलो असतो, आणि दोन शिक्षिकांसमोर रडणं मला जमलं नसतं. मी ठोकळा खाल्ला. उजव्या हाताने उजवीकडची चटणी लावून, सरळ, न बघता. वर्षभर मी माझं पान आईने सांगितलेल्या पद्धतीने सुलटं वाढून घेत होतो आणि दर जेवणाला माझा हात चुकत होता. लिंबाला गेला की भाजीत बुडायचा. त्या दिवशी तो चुकला नाही.

त्या क्षणी कुंदा मला फार हवीशी झाली.

तिसरं ठिकाण शेवटचं. मोठ्या पसरट कढईत केशरी भात आला, वर कोलंबी, शिंपले, हामूर माशाचे तुकडे. तळाला लागलेली खरपुडी सगळ्यात चांगली, ती खरवडून घ्या, असं जैनब म्हणाली. दोघी बहिणी लगेच खरवडायला लागल्या.

मी ठरवलं होतं की या वेळी श्रियाला रंगेहाथ पकडायचं. मी भिंतीवरच्या टाइल्स बघण्याचं नाटक केलं आणि डोळ्याच्या कोपऱ्यातून तिच्या हातांवर नजर ठेवली. तिचे दोन्ही हात मांडीवर होते. एकात फोन. ते हलले नाहीत.

चमचा कढईला लागल्याचा आवाज मात्र आला. अगदी जवळून.

मी खाली पाहिलं. भात मध्ये, मूद पाडल्यासारखा. लिंबू उजवीकडे.

"थँक्यू, बाळा," मी हळूच म्हणालो.

"फॉर व्हॉट?"

"माझं पान वाढतेयस ना मघापासून. आईसारखं."

श्रियाने माझ्याकडे पाहिलं. तिचा चेहरा उतरला.

"बाबा, तूच वाढतोयस. सगळीकडे. लेफ्ट हँडने." तिचा आवाज बारीक झाला. "आय थॉट, तू माझ्यासाठी करतोयस."

मी डावखुरा नाही. डाव्या हाताने मला साधा दरवाजा उघडता येत नाही.

माझ्या डाव्या हातात चमचा होता.

तो मी खाली ठेवला नाही. तो आपण होऊन खाली ठेवला गेला, आवाज न करता, दांडा बाहेरच्या बाजूला. मग त्या हाताने कढईतली एक कोलंबी उचलली. अंगठ्याने कवच खालून वर सोललं, एका दमात. शेपटी मोडून काढली. मला कोलंबी सोलता येत नाही. चौलच्या माहेरची कुंदा सोलायची.

सोललेली कोलंबी श्रियाच्या प्लेटमध्ये ठेवली गेली.

समोर साजिदा हसून म्हणाली, "अंकल, बेटी को अब भी छील के देते हैं? माशाल्ला!"

श्रियाने ती खाल्ली. रडत रडत, पण सगळी खाल्ली.

त्यानंतर मी डॉक्टरकडे गेलो. मी तसाच माणूस आहे. न्यूरॉलॉजिस्टने मेंदूचे फोटो काढले, बोटं धरायला लावली, डोळे मिटून नाकाला हात लावायला लावला. सगळं नॉर्मल. "स्ट्रेस असेल," तो म्हणाला. मी मान हलवली आणि खरं सांगायचं तर मला हायसं वाटलं. बरा करतो म्हणाला असता तर मी कुठे गेलो असतो?

घरी मी रोज पान घेऊन बसायचो आणि डावा हात टेबलावर मोकळा सोडून वाट बघायचो. काही व्हायचं नाही. आमटी गार व्हायची. श्रिया जेवायला आली की मात्र लिंबू उजवीकडे. ती गेली की पुन्हा काही नाही. हा फरक माझ्या लक्षात आला होता. त्याचा अर्थ लावायचं मी टाळलं. संध्याकाळी खिडकीत बसून, खाली खालिद लगूनच्या कडेने माणसं फिरताना बघत, मी माझा डावा हात उजव्या हातात धरून ठेवायचो. लोकांना हसू येईल, येऊ दे. तेवढाच सहवास. "चिंचवडचं घर चांगलं आहे," मी त्याला सांगायचो. "लिफ्ट आहे. भाजीवाला खालीच बसतो. माझ्याबरोबरच येशील ना? म्हणजे चुकामूक नको." हात गप्प असायचा, नुसता ऊबदार.

निघायचा दिवस आला. शारजा विमानतळावर श्रिया सोडायला आली होती. बॅगा गेल्या, कागद झाले. आत जायच्या दारापाशी तिने मला मिठी मारली. फोन कर, गोळ्या घे, तू पण नीट जेव, एवढंच. मी उजव्या हाताने पासपोर्ट काढला आणि वळलो.

"बाबा, लेट गो ना," श्रिया म्हणाली.

"सोडलं की."

"बाबा, इट्स हर्टिंग."

माझा डावा हात तिच्या मनगटावर होता. मी हात ओढला. कोपरापर्यंत सगळं माझं होतं, माझं ऐकत होतं. कोपराच्या खाली काही ऐकत नव्हतं. मागचा माणूस ट्रॉली घेऊन थांबला. मी पासपोर्ट दातांत धरला आणि उजव्या हाताने ती बोटं उलगडायला लागलो. एक उघडलं की दुसरं मिटायचं.

श्रियाने माझ्याकडे बघणं सोडून दिलं. तिने त्या हातावर आपला दुसरा हात ठेवला, आणि आयुष्यात पहिल्यांदा एकही इंग्लिश शब्द न घालता म्हणाली,

"आई, त्याला जाऊ दे. मी आहे इथे. तू राहा माझ्याजवळ."

बोटं सुटली. करंगळी सगळ्यात शेवटी.

मी आत गेलो. विमान उडाल्यावर जेवण आलं तेव्हा ते उघडायला दोन्ही हात लागले. डावा हात लगेच पुढे आला, मी सांगितलं तसा. तो गार पडला होता.